पाद्रीपुढची कबुली आणि विश्लेषकापुढचे बोलणे: फ्रॉइड आणि ख्रिस्ती श्रद्धेविषयी

खाजन

माणसाने मनात दडवलेली गोष्ट दुसऱ्या एका माणसापुढे, गुप्ततेच्या हमीवर, बोलून दाखवावी आणि त्यातून त्याला मोकळे होता यावे, ही व्यवस्था कॅथलिक चर्चकडे फार जुनी आहे. १२१५ च्या चौथ्या लॅटरन परिषदेने प्रत्येक श्रद्धावंताला वर्षातून एकदा तरी पापनिवेदन करणे बंधनकारक केले, म्हणजे मनोविश्लेषणाचा जनक फ्रॉइड याने व्हिएन्नात रुग्णाने आडवे पडून बोलायचा आपला कोच मांडला त्याच्या साडेसहाशेहून अधिक वर्षे आधी. गोव्यात 'कुमसाराला जाणे', म्हणजे पाद्रीपुढे पापनिवेदन करणे, म्हणजे काय, हे हिंदू घरांतही कोणाला समजावून सांगावे लागत नाही. इतके साम्य असताना मनोविश्लेषण आणि ख्रिस्ती श्रद्धा एकमेकांचे वैरी कसे ठरले, आणि ते वैर आपण ऐकून आहोत तितके खोल आहे का, हा या धाग्याचा प्रश्न आहे.

आधी फ्रॉइडची बाजू मांडतो. १९०७ सालच्या एका छोट्या निबंधात त्याने बाध्यतेच्या रुग्णाच्या कृती आणि धार्मिक विधी शेजारी शेजारी ठेवले. झोपण्यापूर्वी उशी-पांघरूण ठराविक रीतीने लावल्याशिवाय ज्याच्या जिवाला चैन पडत नाही असा रुग्ण, आणि विधीतली एखादी बारीक गोष्ट राहून गेली म्हणून धास्तावणारा भाविक, या दोघांच्याही मुळाशी दाबून टाकलेली वासना आणि तिच्याबद्दलची अपराधी भावना असते, असे त्याचे म्हणणे होते. बाध्यतेचा आजार हा एका व्यक्तीपुरता धर्म आणि धर्म ही सर्वांना जडलेली बाध्यता, असे समीकरण त्याने तिथे मांडले. १९१३ पर्यंत तो आणखी पुढे गेला. आदिम टोळीतल्या मुलांनी पित्याची हत्या केली आणि त्या अपराधाचे ओझे मानवजात वाहते आहे, ही त्याची कल्पना. ख्रिस्ताचे बलिदान हे त्या हत्येचे प्रायश्चित्त आणि मिसेतला कम्युनियन, म्हणजे ख्रिस्ताचे शरीर मानलेली भाकर खाणे, हा जुन्या टोटेमभोजनाचा, म्हणजे टोळीने आपला पवित्र प्राणी मारून खाण्याच्या विधीचा, नवा अवतार, असा अर्थ त्याने लावला. मानववंशशास्त्राने ही आदिकथा केव्हाच टाकून दिली आहे, आणि मलाही ती इतिहासापेक्षा पुराणाच्या जवळची वाटते.

१९२७ मधले त्याचे धर्मावरचे पुस्तक मात्र असे सहज बाजूला सारता येत नाही. निसर्गापुढे आणि मृत्यूपुढे असहाय असलेला माणूस बालपणीच्या संरक्षक पित्याला आकाशात बसवतो, हा त्यातला मुख्य मुद्दा सर्वांना ठाऊक आहे. त्याच पुस्तकात फ्रॉइड भ्रम आणि चूक यांत जो फरक करतो तो मात्र बहुतेक वाचकांच्या नजरेतून सुटतो. भ्रम म्हणजे इच्छेतून जन्मलेली समजूत. ती खोटीच असेल असे नाही. साध्या घरातल्या मुलीला राजपुत्र येऊन आपल्याशी लग्न करील असे वाटत असेल तर तो भ्रम आहे, पण असे कधी घडलेच नाही असे म्हणता येत नाही, हे उदाहरण त्याचेच. म्हणजे श्रद्धा कोठून येते हे विश्लेषण सांगू पाहते. श्रद्धेचा विषय आहे की नाही, हे सांगण्याचे साधन त्याच्याकडे नाही. फ्रॉइड स्वतः नास्तिक होता आणि ते त्याने कधी लपवले नाही, पण त्याचे नास्तिक्य त्याच्या पद्धतीतून निघत नाही, ते आधीपासूनच तिथे होते.

हे त्याला तोंडावर सांगणारा माणूस एक पाद्री होता. झुरिचचे प्रॉटेस्टंट धर्मोपदेशक ऑस्कर फिस्टर १९०९ पासून फ्रॉइडच्या मृत्यूपर्यंत त्याचे मित्र होते, आणि आपल्या चर्चमधल्या माणसांवर ते स्वतः विश्लेषणाचे उपचार करीत. मैत्रीच्या पहिल्याच वर्षी फ्रॉइडने त्यांना लिहिले की मनोविश्लेषण हे स्वतः धार्मिकही नाही आणि धर्मविरोधीही नाही. ते निःपक्षपाती हत्यार आहे आणि पीडितांच्या मुक्तीसाठी ते धर्मगुरूही वापरू शकतो. १९१८ मध्ये फ्रॉइडने थट्टेच्या सुरात विचारले की इतक्या धर्मनिष्ठांपैकी कोणालाच मनोविश्लेषण का सुचले नाही, त्यासाठी एका निरीश्वर ज्यूची वाट का पाहावी लागली? फिस्टर यांनी उत्तर दिले की तुमच्याहून चांगला ख्रिस्ती झालाच नाही. १९२८ मध्ये फिस्टर यांनी फ्रॉइडच्या धर्मावरील पुस्तकाचे खंडन लिहिले आणि ते फ्रॉइडच्याच नियतकालिकात छापून आले. विज्ञान माणसाला सुखी करील ही फ्रॉइडची आशा हीसुद्धा इच्छेतूनच आलेली आहे, हा त्या खंडनाचा गाभा होता.

माझे मत असे की दोन्ही व्यवस्था वरून सारख्या दिसल्या तरी त्यांचा विषय वेगळा आहे. कुमसाराला जाणारा माणूस स्वतःला ठाऊक असलेले सांगतो. कोचवर पडलेला माणूस स्वतःला ठाऊक नसलेले सांगतो, आणि तेही नकळत, बोलण्याच्या ओघात. कॅथलिक सदस्यांनी आणि या क्षेत्रात काम करणाऱ्यांनी यावर अवश्य लिहावे.

सासष्टीकार

खाजनबाब, मी कॅथलिक आहे आणि लहानपणापासून कुमसाराला जातो, त्यामुळे आपल्या शेवटच्या परिच्छेदाशी माझा वाद आहे. आपण कुमसारातले 'सांगणे' तेवढे घेतले आणि बाकीचे सोडून दिले. पश्चात्ताप, पुन्हा तसे न करण्याचा निर्धार, धर्मगुरूने उच्चारलेली क्षमा आणि नंतर करायची पेनितेंस, म्हणजे प्रायश्चित्त, हे सर्व मिळून तो संस्कार होतो. निव्वळ बोलून मोकळे होणे हा त्याचा हेतू नाही. बोलणाऱ्याला अजिबात हलके वाटले नाही तरी क्षमा पूर्ण असते, कारण ती त्याच्या भावनेवर अवलंबून नसते. हा फरक मला ठाऊक-बेठाऊक या फरकापेक्षा मोठा वाटतो.

ख्रिस्ती माणूस फक्त ठाऊक असलेलेच पाप मानतो, हेही बरोबर नाही. एकोणिसाव्या स्तोत्रात भक्त आपल्याला न दिसणाऱ्या दोषांपासून मुक्ती मागतो. रोमकरांना लिहिलेल्या पत्राच्या सातव्या अध्यायात संत पॉल म्हणतात की जे करायचे ते माझ्याकडून होत नाही आणि ज्याचा तिटकारा आहे तेच होते. संत ऑगस्टीन आपल्या आत्मकथनाच्या दहाव्या खंडात स्मृतीच्या अफाट दालनांत हिंडतात आणि मी स्वतःलाच एक कोडे झालो आहे असे सांगतात. स्वतःच्या मनावर आपलाच ताबा नाही, हे फ्रॉइडने सांगितल्यावर युरोप हादरला असे म्हणतात, पण ज्यांनी पॉल वाचला होता त्यांनी हादरण्याचे फारसे कारण नव्हते.

१९०७ च्या निबंधाबद्दलही थोडे लिहितो. विधीच्या बारकाव्यांनी छळला जाणारा भाविक फ्रॉइडला दिसला, पण तो चर्चला त्याच्या कितीतरी आधी दिसला होता. जेजुइट संघाचे संस्थापक संत इग्नेशियस १५२२ मध्ये मनरेसा येथे होते तेव्हा आधीच कबूल केलेली पापे आपण नीट सांगितली नाहीत, काहीतरी राहिले, या शंकेने ते इतके पछाडले गेले की जीव देण्याचे विचार त्यांच्या मनात येऊ लागले. जुनी पापे पुन्हा सांगू नयेत अशी आज्ञा त्यांच्या धर्मगुरूने केली. पुढे त्यांनी आपल्या आध्यात्मिक साधनेच्या पुस्तकात अशा अतिशंकांसाठी वेगळी टिपणे लिहिली. जिथे पाप नाही तिथे पाप दिसणे हा आजार आहे आणि तो धर्मनिष्ठेचा पुरावा नव्हे, हे त्यांना स्वानुभवाने कळले होते. त्यांचे सोबती फ्रान्सिस झेवियर ज्या गोव्यात पोहोचले त्या गोव्यातल्या लोकांनी फ्रॉइडकडून हे नव्याने शिकावे लागेल असे समजू नये, इतकेच.

तर्कट

चर्चा चांगली चालली आहे म्हणून थोडे मीठ टाकतो. दोन पंथ एकमेकांशी भांडत आहेत आणि आपण त्यातला एक विज्ञान आहे असे धरून चाललो आहोत. १९१२ मध्ये फ्रॉइडच्या निष्ठावंतांची एक गुप्त समिती तयार झाली आणि फ्रॉइडने तिच्या सदस्यांना अंगठ्या दिल्या. फ्रॉइडच्या सहकाऱ्यांपैकी आडलर गेला, युंग गेला, रांक गेला, आणि जो गेला त्याच्या मतभेदाचे कारण त्याच्या मनोविकारात शोधले गेले. रुग्णाने अर्थ मान्य केला तर विश्लेषक बरोबर, नाकारला तर तो रुग्णाचा प्रतिकार, म्हणून विश्लेषक पुन्हा बरोबर. विज्ञानाचे तत्त्वज्ञ कार्ल पॉपर यांनी ज्या सिद्धांतांना कोणताही पुरावा खोटे पाडू शकत नाही म्हणून विज्ञानाबाहेर ठेवले, त्यांत फ्रॉइडचा सिद्धांत ठळकपणे होता. फिस्टर आणि फ्रॉइड यांचे पटले यात मला आश्चर्य वाटत नाही.

खाजन

तर्कट, अंगठ्यांची गोष्ट खरी आहे आणि फ्रॉइडच्या बाजूने तिचे समर्थन करता येईल असे मला वाटत नाही. मात्र पॉपरचा आक्षेप सिद्धांताला लागतो तितका तो कोचवरच्या कामाला लागत नाही. आपण म्हणता तसा 'होकार म्हणजे होकार आणि नकार म्हणजेही होकार' असा खाक्या ठेवणारा विश्लेषक वाईट विश्लेषक असतो, आणि १९३७ मध्ये लिहिलेल्या एका निबंधात फ्रॉइडने नेमक्या याच आक्षेपाला उत्तर देताना सांगितले की रुग्णाचा निव्वळ होकारही पुरावा होत नाही. नंतर त्याच्या मनातून काय नवे वर येते ते पाहावे लागते.

सासष्टीकार, अतिशंकांचा मुद्दा मला पूर्ण मान्य आहे. पण इग्नेशियसांच्या धर्मगुरूने केले काय, तर आज्ञा दिली. 'पुन्हा सांगू नकोस.' विश्लेषक ती आज्ञा देणार नाही. तो विचारील की जे सांगून संपले आहे ते संपू नये असे तुला का वाटते.

मांडवीकाठ

गोव्यात हा विषय निघाला आणि आबे फारिया यांचे नाव अजून आले नाही! जुझे कुस्तोदियु दे फारिया यांचा जन्म १७५६ मध्ये कांदोळीला झाला, रोममध्ये ते धर्मगुरू झाले आणि १८१३ मध्ये पॅरिसमध्ये त्यांनी संमोहनाची जाहीर प्रात्यक्षिके सुरू केली. तोवर मेस्मरच्या अनुयायांची समजूत अशी होती की संमोहकाच्या शरीरातून कसलेसे चुंबकीय द्रव्य रुग्णात जाते. फारियांनी १८१९ च्या आपल्या ग्रंथात ते साफ नाकारले आणि ही निद्रा झोपणाऱ्याच्या स्वतःच्या मनातून, त्याच्या अपेक्षेतून आणि विश्वासातून येते असे सांगितले. त्याच वर्षी ते वारले. पुढे फ्रान्समधल्या नान्सीचे वैद्य लिएबो आणि बर्नहाइम यांनी सूचनेचा हाच विचार उचलला, आणि १८८९ मध्ये फ्रॉइड नान्सीला जाऊन बर्नहाइमचे काम पाहून आला. पणजीत जुन्या सचिवालयाशेजारी रामचंद्र पांडुरंग कामत यांनी घडवलेला जो पुतळा आहे, ज्यात फारिया एका स्त्रीवर हात पसरून उभे आहेत, तो म्हणजे मनोविश्लेषणाच्या पणजोबांचा पुतळा आहे आणि हे पणजोबा कॅथलिक पाद्री होते.

खाजन

अभिमान मलाही आहे, पण वंशावळ थोडी वेगळी मांडावी लागेल. फ्रॉइडने संमोहन सोडले तेव्हाच मनोविश्लेषण सुरू झाले. सूचनेने लक्षण जाते, पण ते कशासाठी आले होते हे रुग्णाला कळत नाही, आणि तो बरा होतो तो उपचार करणाऱ्यावरच्या विश्वासामुळे, ही त्याची अडचण होती. ज्या विश्वासावर फारियांनी आपला सिद्धांत उभा केला, त्याच विश्वासाला फ्रॉइडने नंतर तपासणीचा विषय केले: रुग्ण माझ्यावर इतका विश्वास का ठेवतो, मी त्याला कोण वाटतो? भावसंक्रमणाची कल्पना इथून पुढे आली. फारिया यांचे श्रेय यात कमी होत नाही. सत्ता संमोहकाच्या हातात नसून झोपणाऱ्याच्या मनात आहे, हे त्यांनी ओळखले नसते तर हा पुढचा प्रश्न विचारताच आला नसता.

जुने_गोवे

कुमसाराबद्दल इतक्या आदराने बोलले जात असताना एक गोष्ट राहून जाते आहे. याच भूमीवर १५६० पासून १८१२ पर्यंत, मधला अल्प खंड सोडला तर, इन्क्विझिशनचे, म्हणजे धर्मद्रोह शोधून शिक्षा करणारे चर्चचे, न्यायालय चालले. फ्रेंच वैद्य शार्ल देलोन यांना दमणला पकडून इथे आणले गेले. त्यांनी १६८७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या हकिगतीत त्या न्यायालयाची रीत नोंदवली आहे. कैद्याला आरोप सांगत नसत. तुला का पकडले ते तूच आठव आणि तूच कबूल कर, असे त्याला पुन्हापुन्हा सांगितले जाई. एकांतवासात देलोन यांनी आत्महत्येचे प्रयत्न केले. आता मला सांगा, जो काही बोलत नाही, आरोप करीत नाही आणि समोरच्याने स्वतःच्या मनातून काढून द्यावे याची वाट पाहतो, तो विश्लेषक या परंपरेतून किती दूर आहे? फ्रेंच विचारवंत मिशेल फूको यांनी १९७६ मध्ये दाखवून दिले की पश्चिमेतला माणूस हा कबुली देणारा प्राणी बनत गेला आणि वैद्यकाने ती सवय धर्माकडून उचलली.

सासष्टीकार

इन्क्विझिशनच्या कृत्यांचे समर्थन मी करणार नाही, आणि या धाग्यावर दुसरे कोणी करील असेही वाटत नाही. परंतु न्यायालयातली कबुली आणि संस्कारातली कबुली यांत घोळ करू नये. न्यायालयातली कबुली लिहून घेतली जाई, साक्षीपुराव्यात वापरली जाई आणि तिच्यावरून शिक्षा होई. संस्कारातले बोलणे धर्मगुरूला कोणत्याही कारणासाठी, जीव वाचवण्यासाठीसुद्धा, उघड करता येत नाही, आणि जो ते थेट उघड करतो तो आपोआप बहिष्कृत होतो. एकाच संस्थेने ही दोन्ही दालने चालवली हे खरे, आणि त्याची लाज वाटावी हेही खरे.

समुपदेशिका

मी गोव्यात मानसिक आरोग्याच्या क्षेत्रात काम करते. जुने_गोवे यांच्या तुलनेला उत्तर सोपे आहे: विश्लेषणाला आलेला माणूस उठून जाऊ शकतो. तो पैसे देतो, वेळ ठरवतो आणि कंटाळला तर येणे बंद करतो. मौन दोन्हीकडे असेल, पण ज्या खोलीचे दार आतून उघडते तिथले मौन वेगळे असते. फूको यांचे म्हणणे यामुळे खोटे ठरत नाही. बोलायला लावण्याची सत्ता असतेच, आणि जो उपचारक ती आपल्याकडे नाही असे समजतो त्याच्यापासून जपून राहावे.

आता व्यवहाराचे सांगते. आठवड्यातून चार-पाच वेळा कोचवर पडण्याचे जुन्या पद्धतीचे विश्लेषण आपल्याकडे जवळजवळ कोणी घेत नाही. ते परवडत नाही आणि तसे प्रशिक्षित विश्लेषक देशातही थोडेच आहेत. पण फ्रॉइडनंतरच्या विश्लेषकांनी धर्माविषयी जे लिहिले ते रोजच्या कामात उपयोगी पडते. आना-मारिया रिझुटो या अर्जेंटिनात जन्मलेल्या आणि बॉस्टनमध्ये काम केलेल्या विश्लेषक. १९७९ च्या आपल्या पुस्तकासाठी त्यांनी रुग्णालयातल्या रुग्णांना देवाचे चित्र काढायला सांगितले, कुटुंबाचे चित्र काढायला सांगितले, आणि दोन्हींची त्यांच्या आयुष्याशी सांगड घातली. देवाची प्रतिमा एकट्या बापापासून बनत नाही, असे त्यांना दिसले. आई, आजी, मूल स्वतःला जसे हवे होते तसे रूप, हे सारे तिच्यात असते, आणि ती प्रतिमा वयाबरोबर बदलत राहते. नास्तिकाच्या मनातही ती असते. तो तिच्याशी बोलणे बंद करतो इतकेच.

याला आधार ब्रिटिश विश्लेषक डोनल्ड विनिकॉट यांचा आहे. मूल आपली चिंधी किंवा बाहुली कवटाळून झोपते तेव्हा ती वस्तू तू शोधलीस की तूच मनात निर्माण केलीस, असे आपण त्याला विचारत नाही, आणि विचारू नये. विनिकॉट यांच्या मते कला आणि धर्म याच मधल्या प्रदेशात राहतात. फ्रॉइड ज्याला भ्रम म्हणून सोडून देण्याजोगा समजला, त्या भ्रमाशिवाय माणूस माणूस होत नाही, असे मेथडिस्ट घरात वाढलेल्या या बालरोगतज्ज्ञाने सांगितले.

माझ्यासमोर बसलेली बाई सायबिणीबद्दल, म्हणजे मारियामातेबद्दल, बोलू लागते तेव्हा मला तिची श्रद्धा तपासायची नसते. ती सायबिणीला काय सांगू शकते जे स्वतःच्या आईला सांगू शकली नाही, हे मला ऐकायचे असते. मग ती बाई कॅथलिक असो की म्हापशाच्या मिलाग्रीस सायबिणीला तेल घेऊन जाणारी आणि तिला शिरगावच्या लईराई देवीची बहीण मानणारी हिंदू असो.

परडें

समुपदेशिकाताई, आपल्या शेवटच्या वाक्यावरून कलकत्त्याचे गिरींद्रशेखर बोस आठवले. त्यांनी १९२२ मध्ये भारतीय मनोविश्लेषण संस्था काढली, आणि आपल्या रुग्णांत बापाच्या भयापेक्षा स्त्री होण्याची इच्छा अधिक सहज सापडते, असे फ्रॉइडला कळवले. फ्रॉइडने सभ्य उत्तर दिले आणि आपला सिद्धांत बदलला नाही. बोस यांच्या संस्थेने त्याच्या पंचाहत्तरीला पाठवलेली हस्तिदंती विष्णुमूर्ती मात्र त्याने टेबलावर ठेवली. सुधीर कक्कर यांनी पुढे हाच धागा धरला. आयुष्याची शेवटची अनेक वर्षे ते आपल्या बाणावलीत राहत होते आणि २०२४ मध्ये वारले. भारतीय मनात आईची जागा किती मोठी आहे आणि त्यामुळे आपला देवही फ्रॉइडच्या दरडावणाऱ्या बापासारखा का नसतो, हे त्यांनी सविस्तर लिहिले. रामकृष्ण परमहंसांवर लिहितानाही त्यांनी समाधीला आजार ठरवले नाही.

मला विचारायचे आहे ते असे: चारशे वर्षांपूर्वी ज्यांचे पूर्वज शांतादुर्गेपुढे हात जोडत होते, त्या गोव्याच्या कॅथलिकांच्या मनातला देव व्हिएन्नाच्या बापासारखा असेल की बोस यांच्या रुग्णांच्या आईसारखा? फादर स्टीफन्स यांनी १६१६ मध्ये छापलेल्या क्रिस्तपुराणात आदामाच्या पापाची कथा मराठी ओवीत सांगितली, त्या अर्थी पित्याच्या आज्ञाभंगाची कथा आपल्या भाषेत आली. ती मनातही तशीच उतरली का?

सासष्टीकार

परडेंबाब, माझ्यापुरते सांगतो: आमच्या घरात संध्याकाळी तेर्स होतो, म्हणजे जपमाळेवर एका 'आमच्या बापा'मागे दहा वेळा 'नमान मारिये'. हिशेब आपणच करा. मात्र ही जपमाळ पोर्तुगीज आणि इटालियन घरांतही अशीच म्हटली जाते, त्यामुळे आईची जागा फक्त शांतादुर्गेमुळे मोठी झाली असे म्हणता येणार नाही. युंग यांनी १९५० मध्ये पोपने मारियेच्या स्वर्गारोहणाचा सिद्धांत जाहीर केला तेव्हा ती धर्मसुधारणेनंतरची सर्वात महत्त्वाची धार्मिक घटना मानली. ते स्वतः प्रॉटेस्टंट पाद्रीचे पुत्र होते आणि देवत्वात स्त्रीतत्त्व नसणे हे त्यांना आपल्या घराण्याच्या धर्माचे अपंगत्व वाटे.

आता चर्चने मनोविश्लेषणाला काय उत्तर दिले तेही मांडतो, कारण इथे फ्रॉइडचीच बाजू जास्त येते आहे. पोप पायस बारावे यांनी १९५२ मध्ये सर्व काही कामवासनेत शोधणाऱ्या पद्धतीवर कडक टीका केली. एप्रिल १९५३ मध्ये मानसोपचारतज्ज्ञांच्या आंतरराष्ट्रीय परिषदेपुढे बोलताना मात्र त्यांचा सूर वेगळा होता. मनाच्या खोल भागाचा अभ्यास त्यांनी मान्य केला, आजारी अपराधभावना असते आणि तिच्यावर उपचार व्हावेत हेही मान्य केले, पण खऱ्या अपराधाचे निवारण निव्वळ मानसिक उपायाने होत नाही, त्याला पश्चात्ताप आणि क्षमाच लागते, असे ठामपणे सांगितले. त्याच भाषणात त्यांनी गुप्ततेचा प्रश्न काढला. मनात येईल ते सर्व बोलावे हा विश्लेषणाचा मूळ नियम आहे. पण काही गुपिते डॉक्टरलाही सांगता येत नाहीत. आता ज्या धर्मगुरूला स्वतः विश्लेषणाची गरज आहे त्याचा विचार करा. कुमसारात ऐकलेले त्याला कोचवरही उच्चारता येणार नाही. त्याच्या मनाचा एक कप्पा त्या नियमाच्या बाहेरच राहणार.

१९६१ मध्ये व्हॅटिकनने धर्मगुरूंना परवानगीशिवाय मनोविश्लेषण करण्यास मनाई केली. त्याच वर्षी मेक्सिकोतल्या क्वेर्नाव्हाकाच्या बेनेडिक्टाइन मठात मठाधिपती ग्रेग्वार लमेर्सिए यांनी साधूंसाठी सामूहिक मनोविश्लेषण सुरू केले. रोमने विरोध केला, १९६७ मध्ये तो मठ बंद झाला आणि बहुतेक साधूंनी संन्यास सोडला. सोडणे हे अपयश म्हणावे की ज्यांना मुळात बोलावणे नव्हते त्यांची सुटका म्हणावी, यावर कॅथलिकांतच एकमत नाही. मला दुसरे पटते. पुढे काळ किती बदलला ते पाहा: पोप फ्रान्सिस यांनी २०१७ मध्ये उघडपणे सांगितले की वयाच्या बेचाळिसाव्या वर्षी काही गोष्टी स्वतःला स्पष्ट व्हाव्यात म्हणून ते सहा महिने एका ज्यू महिला मनोविश्लेषकाकडे जात होते, आणि तिने आपल्याला फार मदत केली.

तर्कट

पायस बारावे यांचे विभाजन कागदावर छान दिसते: आजारी अपराधभावना डॉक्टरकडे, खरा अपराध पाद्रीकडे. पण दारात उभ्या असलेल्या माणसाचा अपराध खरा की आजारी, हे ठरवायचे कोणी? जो ठरवील तो आपलेच गिऱ्हाईक वाढवील.

समुपदेशिका

तर्कट, प्रश्न योग्य आहे, पण प्रत्यक्षात ते दोन वेगळ्या माणसांत वाटलेले नसते. आजारी आईला शेवटच्या दिवसांत भेटायला न गेलेल्या मुलाचा अपराध खरा असतो, आणि त्या अपराधापायी दहा वर्षे स्वतःच्या मुलांवर प्रेम करायला घाबरणे हा आजार असतो. क्षमा मिळाली तरी दुसरी गोष्ट जात नाही. दुसऱ्यावर उपचार केले तरी पहिली जात नाही, आणि मी ती घालवण्याचा प्रयत्न करणार नाही, कारण 'तुझी काही चूक नव्हती' असे मी म्हटले तर ते खोटे असेल आणि त्याला ते खोटे आहे हे कळेल.

सासष्टीकार

हे मला मान्य आहे, एका दुरुस्तीसह. पहिली गोष्ट जात नाही असे आपण म्हणता. माझ्या श्रद्धेप्रमाणे ती जाते. तिची आठवण उरते. त्या मुलाने पुढे कोणत्या दारात जावे यावर आपले मत वेगळे राहील, पण त्याने आधी कोणत्या दारात गेल्यास दुसरे दार उघडणे सोपे होईल, यावर आपण दोघे इथेच पुढे लिहू शकू. माझा अनुभव असा की ज्याला प्रत्येक आठवड्याला तेच पाप सांगावेसे वाटते त्याला चांगला पाद्री आजकाल स्वतःच समुपदेशकाकडे पाठवतो.

खाजन

आणि उलटे होते का? एखादा रुग्ण आता पाद्रीकडे किंवा भटजीकडे जाण्याजोगा झाला आहे, असे वाटून उपचारक त्याला तिकडे पाठवतो का? समुपदेशिकाताई, याचे उत्तर आपण दिलेत तर धागा पुढे नेता येईल.

समुपदेशिका

पाठवत नाही. पण तो स्वतःहून म्हणाला की आता मला जाऊन सांगावेसे वाटते, तर त्या इच्छेचे मी विश्लेषण करत बसत नाही. तो तिकडे जाऊन आला तरी पुढच्या आठवड्याची त्याची वेळ मी राखून ठेवते.